माझी मैना कोणाची? वाटेगाव, मुंबई आणि अण्णाभाऊ साठे यांची एक छक्कड

१/
अमेरिकेतील ब्लूज गायनाचा इतिहास वाचणाऱ्यांना एक वाट पाठ असते. ती मिसिसिपीच्या कापूसमळ्यांतून निघते आणि शिकागोच्या कारखान्यांपाशी संपते. त्या वाटेने माणसे गेली आणि त्यांच्या बोचक्यांबरोबर त्यांचे गाणेही गेले. महाराष्ट्रातही अशी एक वाट आहे. ती वारणा-कृष्णेच्या खोऱ्यातून निघते आणि परळ-लालबागच्या चाळींत पोहोचते. तिच्यावरचे सर्वांत मोठे गाणे वाटेगावच्या एका माणसाने रचले. आजचा धागा त्या माणसाचा आणि त्या गाण्याचा.

२/
तुकाराम भाऊराव साठे, म्हणजेच अण्णाभाऊ साठे. जन्म १ ऑगस्ट १९२०. आईचे नाव वालुबाई. वाटेगाव आज सांगली जिल्ह्याच्या वाळवा तालुक्यात आहे. पण त्या काळी हा सारा मुलूख सातारा या नावानेच ओळखला जाई. १९४९ साली 'दक्षिण सातारा' असा वेगळा जिल्हा झाला आणि १९६० साली त्याला 'सांगली' हे नाव मिळाले. त्यामुळे जुन्या पुस्तकांत 'सातारकडचा' असा उल्लेख आला की त्यात आजची सांगलीही धरावी लागते.

३/
बहुतेकांना अण्णाभाऊ 'फकिरा'चे लेखक म्हणून ठाऊक असतात. ते योग्यच आहे; तीसहून अधिक कादंबऱ्या लिहिणाऱ्या माणसाची ओळख कादंबरीने व्हावी यात नवल नाही. परंतु कादंबरीकार होण्याच्या कितीतरी आधी ते शाहीर होते. लोकांनी त्यांना वाचले नंतर, ऐकले आधी. त्यांचा पहिला श्रोता असा होता की त्याला वाचता येत असेलच याची खात्री नव्हती. त्यांचे गद्यदेखील उभे राहून मोठ्याने सांगितल्यासारखे का वाटते, याचे कारण इथे सापडते.

४/
अण्णाभाऊंचा जन्म मातंग समाजातला. दोरखंड वळणे, केरसुण्या बांधणे आणि हलगी-सनई वाजवणे ही या समाजाकडे परंपरेने आलेली कामे. गावाच्या लग्नात, जत्रेत, मिरवणुकीत वाजंत्री सर्वांत पुढे असे. देवळाच्या पायरीशी मात्र तो थांबे. वाजवणे ही कला खरी, पण त्याआधी ती जातीने लादलेली चाकरी होती. त्यात ब्रिटिशांच्या गुन्हेगार जमाती कायद्याची भर पडली. पहिला कायदा १८७१ चा. पुढे त्याची व्याप्ती वाढत गेली. कोणताही गुन्हा न करता केवळ जन्मामुळे संशयित ठरलेल्या पुरुषांना चावडीवर हजेरी द्यावी लागे. 'फकिरा'त ही हजेरी आहे आणि तिचा संतापही आहे.

५/
मिसिसिपीकडचे एक वाद्य इथे आठवते. तिथल्या गरीब घरांतली मुले केरसुणीला बांधलेली तार सोडवून घेत, घराच्या भिंतीला दोन खिळे ठोकून ती ताणत आणि बाटली सरकवत वाजवत. याला 'डिडली बो' म्हणतात. पुढे नावारूपाला आलेल्या अनेक ब्लूज गिटारवादकांची बोटे पहिल्यांदा या एका तारेवर फिरली. आपल्याकडचे तुणतुणेही एका तारेचेच. पोकळ लाकडी नळकांडे, तळाशी चामडे, बाजूला काठी आणि ताणलेली तार. शाहिराच्या मागे उभा राहिलेला झीलकरी ते वाजवतो आणि ध्रुपद उचलून धरतो. पुढचा ओळ टाकतो, मागचे ती झेलतात. ब्लूजमध्ये गायक एक ओळ म्हणतो, तीच पुन्हा म्हणतो, मग तिसऱ्या ओळीत तिचे उत्तर देतो. कधी गायकाला त्याची गिटारच झील देते. दोन परंपरांचा एकमेकींशी काही संबंध नाही. हाताशी फार थोडे असताना माणसे गाणे कसे उभे करतात, एवढेच त्यांच्यात समान आहे.

६/
वाळवा तालुक्याला तमाशाचा मोठा वारसा होता. वाटेगावच्याच तालुक्यातल्या रेठरे हरणाक्ष गावी १८६६ साली श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी नावाचा मुलगा जन्मला. पुढे त्याने कुलकर्णीपण सोडले, फडात उभा राहिला आणि पठ्ठे बापूराव झाला. ब्राह्मणाने तमाशात उतरणे आणि महार समाजातल्या पवळाबाईंबरोबर संसार व फड दोन्ही चालवणे हे त्या काळात समाजाला झेपणारे नव्हते. बापूरावांना जातीने वाळीत टाकले. रसिकांनी डोक्यावर घेतले. अण्णाभाऊंच्या लहानपणी तमाशा म्हटला की ज्यांचे नाव घेतले जाई, ते हे बापूराव. त्यांची पुन्हा गाठ पडणार आहे, मुंबईत.

७/
अण्णाभाऊ शाळेत दीड दिवस गेले, असे सांगितले जाते. दिवसांचा हिशेब कुणी ठेवला असेल असे नाही, पण शाळा घडली नाही हे खरे. दुष्काळ, कर्ज आणि उपासमार यांना कंटाळून १९३०च्या दशकाच्या आरंभी साठे कुटुंबाने गाव सोडले आणि मुंबईचा रस्ता धरला. रस्ता धरला हे शब्दशः. पुणे-मिरज लोहमार्ग तेव्हा होता, गाड्या धावत होत्या. भाड्याचे पैसे नव्हते. तीनशेहून अधिक किलोमीटरचे अंतर हे कुटुंब पायी चालले. वाटेत मिळेल तिथे मजुरी करायची, चार दिवस पोट भरायचे, पुन्हा चालायचे. त्यांच्यातला अकरा-बारा वर्षांचा मुलगा आपली पुढची सगळी सामग्री बहुधा याच वाटेवर गोळा करत होता.

८/
मुंबईत भायखळ्याची चाळ, मग माटुंग्याचा लेबर कॅम्प, पुढे घाटकोपरची चिरागनगर झोपडपट्टी. हमाली केली, कोळसा वाहिला, फेरीवाल्याचे काम केले, गिरणीत राबले. अक्षरे ते दुकानांच्या पाट्यांवरून आणि सिनेमाच्या जाहिरातींवरून शिकले. याच शहरात त्यांना लाल बावटा भेटला: गिरणी कामगारांचे संप, मोर्चे, सभा, कम्युनिस्ट कार्यकर्त्यांची अभ्यासमंडळे. रशियन साहित्य आणि विशेषतः गॉर्की त्यांच्या वाचनात आला तो इथेच.

९/
मधल्या काळात ते गावी परतले आणि नात्यातल्या बापू साठे यांच्या तमाशाच्या फडात सामील झाले. ही वर्षे चरित्रांतून चार ओळींत उरकली जातात. खरे तर शाहीर म्हणून त्यांचे शिक्षण झाले ते या फडात. कुठे थांबले की माणसे हसतात, ढोलकी कधी वर न्यायची, मागच्या रांगेतल्या म्हाताऱ्यापर्यंत शब्द कसा पोहोचवायचा, हे पुस्तकातून येत नाही. सभोवार तेव्हा साताऱ्याचे रान पेटत होते. येडेमच्छिंद्रचे नाना पाटील याच तालुक्यातले. १९४२ च्या आंदोलनातून पुढे प्रतिसरकार उभे राहिले आणि १९४६ पर्यंत या मुलखाच्या मोठ्या भागात लोकांचे न्यायनिवाडे गावोगावीच होऊ लागले. अण्णाभाऊ चळवळीत उतरले, त्यांच्यावर पकड वॉरंट निघाले आणि ते पुन्हा मुंबईकडे वळले. या खेपेला त्यांच्याजवळ शिकलेले गाणे होते.

१०/
१९४४ साली शाहीर अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांच्यासह त्यांनी 'लाल बावटा कलापथक' उभे केले. अमर शेख मूळचे बार्शीचे, नाव मेहबूब पटेल. आवाज असा की मैदानाला भिंती नाहीत हे कुणाच्या ध्यानातही येऊ नये. अण्णाभाऊंची लेखणी आणि अमर शेखांचा गळा ही जोडी पुढची काही वर्षे कामगार वस्त्यांत गाजत राहिली. 'स्तालिनग्राडचा पोवाडा' आधीच रचून झाला होता. व्होल्गेच्या काठची लढाई सातारी मराठीत आणि डफाच्या ठेक्यावर! आज वाचताना तो पोवाडा बराचसा आपल्या काळातच अडकलेला वाटतो. पक्षाने दिलेल्या विषयांवरच्या रचनांचे बहुधा असेच होते. पण त्यानिमित्ताने शाहिरीला नव्या मापाची सवय झाली: जगाची बातमी आणि गल्लीची भाषा एकाच श्वासात.

११/
तमाशाच्या घाटाशी त्यांनी काय केले, ते नीट पाहण्यासारखे आहे. पारंपरिक तमाशाचा क्रम ठरलेला असतो. आधी गण, म्हणजे गणपतीला वंदन. मग गौळण: मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गवळणी, त्यांची वाट अडवणारा कृष्ण, पेंद्या आणि मावशी. मग बतावणी आणि शेवटी वग. अण्णाभाऊंनी गण ठेवला, पण वंदन वळवले: ते मातृभूमीला, हुतात्म्यांना, राबणाऱ्यांना गेले. गौळण त्यांनी वगळली. बाईची वाट अडवून रंगवलेली गंमत त्यांना आपल्या मंचावर नको होती. वग मात्र त्यांनी घट्ट धरून ठेवला, सोंगाड्यासकट. 'अकलेची गोष्ट', 'मुंबई कोणाची' यांसारख्या लोकनाट्यांत सावकार, शेटजी आणि पुढारी यांची फिरकी घेणारा माणूस हा जुन्या तमाशातलाच सोंगाड्या आहे. लोकांनी ते परके म्हणून पाहिले नाही, त्याचे कारण हे.

१२/
आता बापूरावांची ठरलेली गाठ. पठ्ठे बापूरावांनी मुंबईवर एक गाजलेली लावणी रचली होती. तिच्यात या नगरीचा थाट आहे, बाजार आहे, खेड्यातून आलेल्या डोळ्यांचे दिपणे आहे. अण्णाभाऊंनीही 'मुंबईची लावणी' रचली. त्याच तालुक्यातला माणूस, तीच नगरी, तोच काव्यप्रकार. परंतु त्यांच्या लावणीत आधी मलबार हिल दिसते आणि लगेच परळ; वरती भोगणारे, खालती राबणारे. बापूरावांचा मुंबईकर रस्त्यावर उभा राहून वर पाहतो. अण्णाभाऊंचा मुंबईकर पाळी संपवून घरी निघालेला आहे. शिष्याने गुरूच्या चालीवर दिलेले उत्तर म्हणून या दोन लावण्या शेजारी ठेवून वाचाव्यात. उत्तरात अनादर नाही. फक्त पत्ता बदलला आहे.

१३/
याच सुमारास अमेरिकेत काय चालले होते? १९४१ साली मिसिसिपीच्या स्टोव्हल मळ्यावर अॅलन लोमॅक्स हा संग्राहक ध्वनिमुद्रणाचे यंत्र घेऊन आला आणि त्याने मॅकिन्ली मॉर्गनफील्ड नावाच्या शेतमजुराचे गाणे नोंदवून घेतले. आपलाच आवाज तबकडीवर ऐकून त्या मजुराला पहिल्यांदा वाटले की आपण गाऊन जगू शकू. १९४३ मध्ये तो शिकागोला गेला. तिथल्या गजबजलेल्या खानावळी-दारूगुत्त्यांत साधी गिटार ऐकूच जाईना, तेव्हा त्याने विजेची गिटार हाती घेतली. जग त्याला मडी वॉटर्स म्हणून ओळखते. खेड्यातले गाणे शहराच्या गोंगाटाला पुरून उरावे, म्हणून त्याने वाद्य बदलले. अण्णाभाऊंनी घाट बदलला.

१४/
मात्र तुलना इथेच थांबवावी लागते. मडी वॉटर्सच्या पाठीशी तबकड्या विकणारी कंपनी होती. तबकडीवर एकट्या माणसाचे नाव छापले जाते आणि दुःखही एकट्याचे म्हणून विकले जाते. अण्णाभाऊंच्या पाठीशी पक्ष होता, संघटना होती, वर्गणी होती आणि समोर पोलीस होते. स्वातंत्र्यानंतर मुंबई प्रांताच्या सरकारने तमाशावर निर्बंध आणले; लाल बावटा कलापथकाच्या कार्यक्रमांवरही बंदी आली. तमाशाला बंदी, तर तोच खेळ लोकनाट्य म्हणून उभा राहिला. 'लोकनाट्य' हा आज अभ्यासक्रमात मिळणारा सभ्य शब्द रूढ होण्यामागे असा पोलिसी इतिहासही आहे, हे सहसा सांगितले जात नाही.

१५/
'माझी मैना' समजून घ्यायची तर आधी गिरणगावातली एक खोली पाहायला हवी. मुंबईचा गिरणी कामगार मुख्यतः कोकणातून आणि घाटावरून, म्हणजे सातारा-पुण्याकडून आलेला. मुकादम आपल्याच गावची माणसे कामाला लावी. त्यामुळे एकेका गावाची एकेक खोली असे. दहा बाय बाराच्या खोलीत पंधरा-वीस पुरुष राहत. दिवसपाळीचा उठला की त्याच जागेवर रातपाळीचा निजे. जेवण खानावळीत. बायका-मुले गावी, कारण एवढ्या पगारात मुंबईत बिऱ्हाड करणे अशक्य. महिन्याला मनीऑर्डर, वर्षाला जत्रेची किंवा सणाची एक फेरी. म्हणजे ताटातूट हा अपघात नव्हता. मालकाला स्वस्त मजूर मिळायचा तर त्याचे कुटुंब गावच्या तुकड्यावर जगले पाहिजे, असा तो हिशेब होता. गिरणी ज्या पायावर उभी होती, त्यात हा विरहही होता.

१६/
आता छक्कड. छक्कड हा लावणीचाच एक चपळ प्रकार. अण्णाभाऊंनी 'माझी मैना' रचली ती संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्याच्या धामधुमीत. तिच्यातला पुरुष आधी आपल्या बायकोचे रूप सांगतो. रंग, डोळे, चाल, सगळे लावणीच्या जुन्या शिरस्त्याप्रमाणे. ऐकणाऱ्याला वाटते, शृंगाराची लावणी सुरू झाली. मग पहाट होते. भाकरतुकडा बांधला जातो. ती त्याला गावाच्या शिवेपर्यंत घालवायला येते आणि तिथे तिचा चेहरा उतरतो. तो तिला हसवू पाहतो. पत्रे पाठवीन म्हणतो, दागिने करीन म्हणतो. दोघांनाही ठाऊक असते की हे होणार नाही.

१७/
तो मुंबईत येतो. तिथे बेकारांची गर्दी भेटते आणि तो तिच्यात आणखी एक होतो. मग मुंबईची यादी: यंत्रे, शेंडीवाले, दाढीवाले, परदेशी मोटार, तलम साड्या, माड्यांवर माड्या, चोर आणि ऐतखाऊ. यादी धावत सुटते, जणू माणूस ट्रामच्या खिडकीतून पाहतो आहे. आणि मग एक लहानशी गोष्ट येते: पावसात भिजलेल्या त्या माणसाचा खिसा भरतो तो पाण्याने, आणि त्याच्याजवळ साधी छत्री नाही. सबंध गिरणगावाच्या अर्थशास्त्राला ही एक छत्री पुरते.

१८/
यानंतर गाणे वळते. संयुक्त महाराष्ट्राची चळवळ उठते आणि गायक म्हणतो की गावी राहिलेल्या मैनेची भेट नाही, तशीच गत या तुटलेल्या महाराष्ट्राची झाली. बेळगाव, कारवार, निपाणी, गोवा ही नावे येतात. बहुतेक लेखांत याला रूपक म्हणून मोकळे होतात: मैना म्हणजे सीमाभाग. एवढे म्हटले की गाणे संपले, आणि नेमके तेवढ्याने ते निसटते. रूपक असते तर पहिला अर्धा भाग हा केवळ वेष्टन ठरला असता; ती पहाट, ती भाकरी, ती छत्री यांना स्वतःची किंमत उरली नसती. ऐकणाऱ्यांच्या डोळ्यांत पाणी येते ते पहिल्या भागात, दुसऱ्या भागात त्यांच्या मुठी वळतात.

१९/
अण्णाभाऊंना दोन गोष्टी एकाच माळेत का ओवता आल्या? कारण गिरणी कामगाराच्या दृष्टीने त्या दोन नव्हत्याच. त्याची मजुरी मुंबईत आणि संसार वाळवा, कराड, पाटण, संगमेश्वरला. उद्या मुंबई वेगळी झाली तर ज्या शहरात तो घाम गाळतो तिथे तो परका होणार आणि त्याची बायको दुसऱ्या राज्यात असणार. राज्य पुनर्रचना आयोगाच्या अहवालावर वर्तमानपत्रांतून भाषा, संस्कृती, इतिहास यांच्या अंगाने वाद झडत होते. चाळीतल्या माणसासमोर प्रश्न अगदी घरगुती होता: आपली मीठ-भाकर आणि आपले माणूस यांच्यामध्ये आणखी एक रेघ ओढली जाणार का?

२०/
याचा पुरावा गाण्याच्या व्याकरणातच आहे. 'माझी मैना'च्या लांबच लांब कडव्यांत एकच यमक पुन्हा पुन्हा येते, षष्ठीच्या 'ची' या प्रत्ययाचे. पहाट कशाची, बांधाबांध कशाची, गर्दी कोणाची, गाडी कोणाची, चळवळ कशाची. मराठीत षष्ठी ही मालकीची आणि नात्याची विभक्ती. हा माणूस गाणेभर, अमुक गोष्ट अमक्याची, असे सांगत सुटतो आणि त्या अख्ख्या शहरात त्याची अशी एकही वस्तू निघत नाही. त्याची फक्त मैना, आणि तीही दूर. अण्णाभाऊंनी आपल्या लोकनाट्याला 'मुंबई कोणाची' असे नाव दिले होते. तोही षष्ठीचाच प्रश्न. इतके साधे साधन घेऊन इतके मोठे काम झालेले मराठीत फार वेळा दिसत नाही.

२१/
इतिहासाची चौकट थोडक्यात. आयोगाचा अहवाल १९५५ च्या उत्तरार्धात आला. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी मुंबईत फ्लोरा फाउंटन परिसरात निदर्शकांवर गोळीबार झाला. जानेवारी १९५६ मध्ये मुंबई केंद्रशासित करण्याची घोषणा झाली आणि पुन्हा गोळ्या चालल्या. फेब्रुवारीत पुण्यात संयुक्त महाराष्ट्र समिती स्थापन झाली. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला गुजरातसह द्वैभाषिक राज्य आले आणि अखेर १ मे १९६० रोजी मुंबईसह महाराष्ट्र झाला. शंभराहून अधिक माणसे या लढ्यात मेली. आचार्य अत्र्यांची लेखणी, एस. एम. जोशी, डांगे, नाना पाटील यांची भाषणे हे सारे लढ्यात होते. पण सभा सुरू होण्याआधी मैदान भरायचे ते शाहिरांमुळे. अमर शेख 'माझी मैना' उचलत, तेव्हा समोर बसलेल्यांत बायकोला शिवेवर सोडून आलेले पुरुष शेकड्यांनी असत. त्यांना रूपक समजावून सांगावे लागत नव्हते.

२२/
या गाण्यातली एक उणीव सांगायलाच हवी. मैना स्वतः बोलत नाही. ती दिसते, रडते, उभी राहते. शब्द सगळे त्याचे. गावी राहिलेल्या बायकांचे गाणे वेगळीकडे शोधावे लागते, जात्यावर. गी पॉइतवँ आणि हेमा राईरकर यांनी आपल्या सहकाऱ्यांसह महाराष्ट्राच्या खेड्यांतून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. पहाटे दळताना बायकांनी माहेर, सासर, भाऊ, कष्ट यांविषयी जे म्हटले, ते तिथे आहे. छक्कड मैदानावर हजारोंसमोर गायची, ओवी अंधारात एकटीने. एकाच घराच्या या दोन बाजू.

२३/
पुढची वर्षे भराभर सांगता येतात. १९५८ साली मुंबईत पहिले दलित साहित्य संमेलन झाले, त्याचे उद्घाटन अण्णाभाऊंनी केले. पृथ्वी शेषाच्या मस्तकावर नसून दलितांच्या आणि श्रमिकांच्या तळहातावर तरली आहे, या आशयाचे त्यांचे प्रतिपादन तिथलेच. १९५९ मध्ये 'फकिरा' आली. ती त्यांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या लेखणीला अर्पण केली. १९६१ मध्ये तिला राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला आणि त्याच वर्षी ते सोव्हिएत रशियाला जाऊन आले. त्या प्रवासावरचे 'माझा रशियाचा प्रवास' हे पुस्तक छोटेखानी आहे आणि आजही वाचनीय आहे. त्यांच्या कथांवर चित्रपट निघाले.

२४/
पैसा मात्र आला नाही. लाल बावट्याचे दिवस ओसरले होते. ज्या राज्यासाठी गायले ते राज्य मिळाले होते आणि गायक चिरागनगरच्या झोपडीत लिहीत होता. अखेरच्या काळात गोरेगावला एक लहानसे घर मिळाले. तिथेच १८ जुलै १९६९ रोजी त्यांचे निधन झाले. वय ४८.

२५/
तीन वर्षांनी, १९७२ मध्ये, मुंबईतल्या काही दलित तरुण लेखकांनी अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरकडे पाहून आपल्या संघटनेला 'दलित पँथर' हे नाव दिले. वारणेकाठ आणि मिसिसिपी यांच्यातले साम्य तेव्हा मोठ्याने उच्चारले गेले. अण्णाभाऊ ते ऐकायला नव्हते. २००२ साली त्यांच्या जन्मदिनी टपाल खात्याने तिकीट काढले. २०२२ मध्ये मॉस्कोतील एका ग्रंथालयात त्यांचा पुतळा बसला. बेळगाव, निपाणी आणि कारवार आजही कर्नाटकात आहेत. महाराष्ट्राने त्याबाबत २००४ साली सर्वोच्च न्यायालयात दावा दाखल केला आहे.

२६/
'माझी मैना' पुढे कितीतरी शाहिरांनी गायली, लग्नाच्या बँडपासून विद्यापीठाच्या मंचापर्यंत ती पोहोचली. पहिल्यांदा जो गळा तिला मिळाला होता, तो मात्र अण्णाभाऊंनंतर दीड महिनाही उरला नाही. २९ ऑगस्ट १९६९ रोजी, त्याच पावसाळ्यात, अमर शेख अपघातात गेले.